खुंब्यांचा चीक

डोंगरकासवाला शिंक आली आणि आमच्या घरचे दोन्ही कर्ते पुरुष एकदमच जमिनीवर आले.

डोंगरकासव बारा वर्षांतून एकदा शिंकतं. एरवी त्याच्या पाठीवर कुणी चूल मांडली तरी त्याला पत्ता लागत नाही. आमचे हे, म्हणजे केरबा, आणि माझे थोरले दीर येसाजी, दोघे भाऊ कासवांच्या पाठीवरचं शेवाळ खरवडायचं काम करायचे. घराएवढं उंच ते जनावर, पण स्वभावानं गरीब. वर चढून खरवडत बसायचं, भूक लागली की तिथंच भाकरी सोडायची. त्या दिवशी भाकरी खाऊन झाली, हात धुऊन झाले आणि बारा वर्षांतला तो मुहूर्त नेमका उगवला.

दारांच्या फळ्यांवर घालून दोघांना घरी आणलं तेव्हा जेवणवेळ टळून गेली होती. ओसरीत दोन बाजा टाकल्या. हाडवैद्यानं थोरल्यांची मांडी दाबली, ह्यांचं उजवं मनगट चाचपलं आणि मान हलवली.

"चुरा झालाय," तो म्हणाला. "फळ्या बांधून भागायचं न्हाई. दिवस मावळायच्या आत चीक लागला तर दोघं उद्या उड्या मारतील. न्हाई लागला तर थोरल्याला जन्माची कुबडी आन् धाकट्याला जन्माचा डावा हात."

चीक म्हणजे खुंब्यांचा चीक. आमच्या खोऱ्यात जन्मलेल्याला हे सांगावं लागत नाही, पण बाहेरच्यांसाठी सांगते. वरच्या डोंगरातल्या गुहेत खुंबे राहतात. कोहळ्याएवढं गोल अंग, मऊ राखाडी लव, डोळे नाहीत आणि कान मात्र सुपाएवढे. गुहेच्या छताला ते उलटे चिकटून असतात. त्यांच्या हनुवटीखाली एक पिशवी असते आणि खूश झाले की तिच्यातून निळसर चीक गळतो. त्याला ताज्या आल्याचा वास येतो. मोडलेल्या कशालाही तो लावा, माठ असो, गाडीचा आस असो, हाड असो, मोडलंच नव्हतं असं जुळतं. वरून चोळला तरी हाडापर्यंत तो आपली वाट आपण काढतो. अट एकच. ज्या दिवशी मोडलं त्याच दिवशी, सूर्य डोंगराआड जायच्या आत लावायचा. शिळं मोडलेलं तो जुळवत नाही.

आता खुंबे कशानं खूश होतात? भांडणानं.

खरं, ताजं, कडकडीत भांडण ऐकलं की त्यांचे कान ताठ होतात, पोटातून गुरगुर येते आणि चीक सुटतो. नाटकातलं भांडण त्यांना चालत नाही. मागं एकदा गावानं सोंगाड्यांची जोडी नेली होती. खुंब्यांनी पानाचा विडा करावा तसे कान गुंडाळले आणि झोपून गेले. शिळं भांडणही चालत नाही. तेच तेच उगाळलं तर चीक पाण्यासारखा पातळ येतो. म्हणून खोऱ्यात पिढ्यान्‌पिढ्या एक घर भांडणाचं असतं. त्या घरच्या दोन बायकांनी आठवड्याला गुहेत जायचं, नव्या विषयावर मनापासून भांडायचं आणि खोऱ्याला पुरेल इतका चीक आणायचा. दुसरीकडे भांडखोर ही शिवी असेल. आमच्याकडे ते आडनाव आहे आणि लग्नात त्या आडनावाला पहिला विडा मिळतो.

तर मी भांडखोरांची धाकटी सून. नाव कौतिक.

माझ्या आधी सोळा वर्षं हे काम माझ्या सासूबाई आणि माझ्या थोरल्या जाऊबाई, सगुणाअक्का, यांनी केलं. काय ती जोडी होती म्हणे! मिठावरून भांडल्या, वाळत घातलेल्या लुगड्याच्या काठावरून भांडल्या, एकीच्या स्वप्नात दुसरी का आली यावरून भांडल्या. गुहेतून खाली येईपर्यंत दोन घागरी भरलेल्या असायच्या. मग त्या वर्षीच्या थंडीत सासूबाईंचा घसा बसला तो बसलाच. कुजबुजण्यापलीकडे आवाज फुटेना. नवी जोडीदारीण हवी म्हणून धाकट्याला बायको शोधायला निघाल्या आणि जत्रेत त्यांना मी दिसले. माठाचा कान वाकडा का, एवढ्यावरून मी एका कुंभाराला तीन तास उभा धूत होते. सासूबाई तीन तास उन्हात उभ्या राहिल्या. शेवटी कुंभारानं मला माठ फुकट दिला आणि सासूबाईंनी माझ्या वडलांकडे मला मागितली. पसंतीच्या दिवशी इतर मुलींना चालून दाखव म्हणतात. मला म्हणाले, बोलून दाखव.

अशी वाजतगाजत आले आणि आल्या आल्या तोंडावर पडले. कारण अक्का.

अक्कांइतकं गोड माणूस मी जन्मात पाहिलं नव्हतं. मी उठायच्या आत पाणी भरून व्हायचं. दुधावरची साय माझ्या वाटीत, भाताची खरपूड माझ्या ताटात. मी केरसुणीला हात लावला की "ठेव गं बाय, मी हाय की." मी खोडी काढली तर "चुकलंच माझं." दोन महिन्यांत आम्ही आठ वेळा गुहेत गेलो आणि आठही वेळा रिकामी घागर घेऊन आलो. माझ्या तोंडाचा पट्टा थांबत नाही हे खरं, पण टाळी एका हातानं वाजवायची कशी? घरात साठवणीचा चीक शिंगात ठेवलेला असायचा. देता देता तो तळाला गेला. गावाला अजून कळलं नव्हतं. सासूबाईंना कळलं होतं, पण त्या काही बोलत नव्हत्या.

हाडवैद्याचं बोलणं ऐकून सासूबाईंनी शिंग काढलं, उजेडात धरलं आणि हलवलं. बोटभर चीक होता. एका हाडापुरता.

"एकाचंच भागंल," त्या कुजबुजल्या. शिंगाला बूच मारून त्यांनी ते कमरेला खोचलं, पितळी परात आणि दोन करवंट्या उचलल्या. "चला दोघी. वर जाऊ. आज भांडलात तर दोघं उठतील. न्हाई भांडलात तर परत येताना ठरवा, कोन उठायचा."

बाजेवरून हे माझ्याकडे बघत होते. दुखत असताना हसायची त्यांना वाईट खोड. "जा," ते म्हणाले, "आन् चांगली कडाकडा भांड. माझी शपथ हाय तुला." मला रडू आलं, पण भांडायला निघालेल्या बाईनं रडून निघणं बरं दिसत नाही म्हणून मी ते गिळलं.

गुहेत पोहोचलो तेव्हा ऊन तोंडापासून आत दहा हात आलं होतं. आमच्याकडची खूण अशी, की ऊन आतल्या काळ्या शिळेला टेकलं की उतरायला लागायचं; त्यानंतर निघालात तर सूर्य तुमच्या आधी घरी पोहोचतो. शिळा अजून पंधरा हात लांब होती. वर शंभर-दीडशे खुंबे लटकत होते. पावलं ऐकून त्यांनी कान हलवले, आम्हीच आहोत हे ओळखलं आणि निम्म्यांनी परत गुंडाळून घेतले. अपमान म्हणजे काय ते त्या दिवशी मला कळलं.

सासूबाई परात मांडीवर घेऊन दगडावर बसल्या. "हं," त्या म्हणाल्या.

मी पदर खोचला. "अक्का! तुमच्या भाकरीला पापुद्रा म्हणून सुटत न्हाई! चामडं खाल्ल्यासारखं वाटतं!"

"व्हय गं," अक्का कळवळून म्हणाल्या. "परवापास्नं तवाच नीट तापंना. तुझे दात दुखले का?"

वरून एक जांभई ऐकू आली.

"तुमी बोला," मी म्हटलं. "तुमी मला शिव्या द्या. काय वाट्टंल ते बोला, अगदी माझ्या म्हायेरावरनं बोला."

अक्कांनी डोळे मिटले, मुठी आवळल्या, सगळं बळ एकवटलं. "तू... तू लई उशिरा उठतीस!"

"शाबास! आनखी!"

"आन्... आन् झोपंत घोरतीस!" एवढं बोलून त्यांचा चेहरा पडला. "पर मला आवडतं ते. घरात मानूस असल्यावानी वाटतं."

सासूबाईंनी कपाळावर हात मारला. परातीत टप्पकन एक थेंब पडला म्हणून मी आशेनं वाकून पाहिलं, तर तो अक्कांच्या डोळ्यातला.

आम्ही सगळं करून पाहिलं. मी त्यांच्या नाकाला नावं ठेवली, त्यांनी नाकाला हात लावून "आमच्या आत्याचं असंच हुतं" म्हणून सांगितलं. मी त्यांचे केस ओढले, तर "हळू, तुझ्या बोटाला काटा लागंल, कालची काटकी अडकलीया" म्हणाल्या. पालथ्या घड्यावर पाणी किती वेळ ओतणार? मी घामानं निथळत होते. उन्हाचा पट्टा शिळेपासून दोन हातांवर येऊन ठेपला. वरचे सगळे खुंबे आता झोपले होते आणि एक तर चक्क माझ्यासारखा घोरत होता.

सासूबाई उठल्या. कमरेचं शिंग काढून त्यांनी आमच्या दोघींच्या मध्ये धरलं.

"बास झालं," त्या कुजबुजल्या. "ठरवा. थोरला का धाकटा?"

दोन्ही त्यांचीच पोरं. हे त्या कशा विचारत असतील, तो विचार मी त्या वेळी केला नाही. मला फक्त ते शिंग दिसत होतं.

"धाकट्याला लावा," अक्का लगेच म्हणाल्या. "उजवा हात हाय त्येचा. आमचे हे बसून बी चार कामं करतील."

"अजिबात न्हाई," मी म्हटलं. "भावजींना. पायाबिगर मानूस म्हंजे बाजेला खिळलेला. ह्यांना डावा हात हाय की."

"मी थोरली हाय. मी सांगते ते ऐकायचं."

"थोरल्या हाय म्हनूनच थोरल्यांना आधी."

"कौतिक, तुझं लगीन होऊन दोन म्हयने झाले. अजून हळद..."

"हळदीचं काय मधीच? तुमच्या सोळा वर्सांचं काय मग?"

"माझं झालं गं सगळं भोगून. तुझं सगळं व्हायचंय. घे ते शिंग."

"न्हाई घेणार."

"घे म्हनते ना!"

त्यांनी माझी मूठ उघडून शिंग त्यात कोंबायला बघितलं. मी हात मागं घेतला. त्यांनी परत धरला. आणि त्या मऊ, प्रेमळ, साय वाढणाऱ्या हाताचा मला एवढा संताप आला म्हणून सांगू! दोन महिन्यांचं साचलेलं एकदम नाकातोंडात आलं.

"तुमचं हे नेहमीचंच!" मी किंचाळले.

"काय नेहमीचं?"

"हेच! सगळं दुसऱ्याला! साय मला, खरपूड मला, जाड गोधडी मला आन् आता चीक बी मला! पाव्हनी हाय व्हय मी? पाव्हनीला बी कवातरी उठून ताट घासू देत्यात. दोन म्हयन्यांत मला या घरातली एक वाटी विसळू दिली न्हाई तुमी!"

"सुख टोचतंय व्हय तुला?"

"टोचतंय! तुमच्यापुढं मी रोज वाईट ठरते. सगळी आळी म्हनती, सगुणा म्हंजे देवमानूस आन् धाकटी नुसती बसून खाती. देवमानसाशेजारी नांदायचं म्हंजे काय असतं ते एकदा नांदून बघा! एवढा मोठेपना कशापायी? लोकांनी आरती ओवाळावी म्हनून?"

अक्कांचा चेहरा बदलला. गोडवा असा उतरला की माझ्या समोर कुणी दुसरीच बाई उभी आहे असं मला वाटलं. सोळा वर्षं गुहा दणाणून सोडणारी बाई ती हीच असणार.

"मोठेपना?" त्या म्हणाल्या. मग आवाज चढला. "मोठेपना म्हनतीस? अगं सटवे, भ्या वाटतं मला, भ्या! म्हनून गोड हाय मी!"

"कशाचं भ्या?"

"तुझं!"

मी एक पाऊल मागं सरले. तीन तास कुंभारापुढं मी तसूभर हलले नव्हते.

"माझ्या पोटी पोर न्हाई," अक्का म्हणाल्या. "या घरात माझं एकच काम हुतं, आत्याबाईंशी भांडायचं. सोळा वर्सं इमानानं भांडले. त्यांचा घसा गेला आन् माझं काम बी गेलं. मग वाजतगाजत तू आलीस. तीन तास कुंभाराला उभा धुनारी! तुझ्याम्होरं मी चार वाक्यं टिकले नसते. पोर न्हाई आन् तोंड बी न्हाई, असल्या थोरल्या सुनेला कोन ठिवून घेतं? म्हटलं, गोड ऱ्हावं. राबत ऱ्हावं. गोड मानसाला कुनी हाकलत न्हाई. आन् तू म्हनतीस वाटी दे, केरसुनी दे, पानी मी भरते! सगळंच तू घेतलंस तर मी या घरात कोन गं? सांग की! कोन?"

शेवटचा "कोन" गुहेत तीनदा फिरून परत आला.

उत्तरासाठी मी सासूबाईंकडे पाहिलं, आणि तेव्हा मला दिसलं. वर दीडशे जोड्या कान उघडलेले होते. एकही खुंबा झोपलेला नव्हता. सगळी गुहा गुरगुरत होती आणि चीक धारांनी गळत होता. माझ्या केसांत, अक्कांच्या खांद्यांवर, दगडांवर. आल्याचा वास नाकात मावेना. सासूबाई परात घेऊन कधीच उठून उभ्या राहिल्या होत्या आणि परात निम्मी भरली होती.

पण त्या परातीकडे बघत नव्हत्या. अक्कांकडे बघत होत्या. त्यांनी परात खाली ठेवली. ठेवली कसली, आदळली.

"सगुणे," त्या कुजबुजल्या.

गुहेतली गुरगुर थांबली. त्या फाटक्या कुजबुजीसाठी खुंब्यांनी छतावरून माना लांब केल्या.

"परक्या बाईवर म्या सोळा वर्सं तोंड वाया घालवलं असतं व्हय गं? तोंडवळा न बघता दाराबाहेर काढली असती. पोटच्या पोरांशी मी कवा भांडले का, इचार त्यांना. येक शब्द न्हाई. भांडावं असं मानूस मला सबंध जन्मात येकच गावलं." त्यांना दम लागला. घशाला हात लावून त्या पुन्हा म्हणाल्या, "घसा गेला तवा चार दिस रडले, ते घशासाठी वाटलं व्हय तुला? आता तुझ्याशी बोलू कशानं, म्हनून रडले. हिला आनली ती तुझ्या जागंवर न्हाई, येडे. माझ्या जागंवर आनली. तुला भांडायला कुनी नसंल तर तू वाळून जाशील म्हनून तीन तास उन्हात उभी ऱ्हायले मी."

अक्कांचं नाक लाल झालं, ओठ वाकडे झाले, आणि मला वाटलं आता या सासूच्या गळ्यात पडणार. पण भांडखोरांच्या घरातली सून ती.

"मग हे तवाच सांगायचं न्हाई व्हय?" त्या गरजल्या. "चार म्हयने गिळून बसलात? मी रोज रातच्याला उशी भिजवतीया आन् तुमी आपल्या माळ वढत बसलाय! ही काय रीत झाली?"

"तू इचारलंस कवा?"

"घसा गेलेल्या मानसाला काय इचारायचं?"

"कान गेले न्हवते माझे!"

"आन् मला?" मी मध्ये घुसले. "मला कशापायी आनली हे मला तरी सांगायचं की! मी समजत हुते माझ्या जिभेत खोट हाय! दोन म्हयने आरशात बघून जीभ तपासतीया मी!"

मग जे सुरू झालं त्याला भांडण म्हणावं की काय म्हणावं मला आजही ठाऊक नाही. तिघी एकदमच बोलत होतो, कुणीच कुणाचं ऐकत नव्हतं आणि तरी प्रत्येकीला सगळं ऐकू येत होतं. एवढं सगळं अक्कांना बोलताना मी "तुम्ही" कधी सोडलं ते माझ्याही ध्यानात आलं नाही. परात भरली, वाहिली, तिच्याखालच्या खडकाला मागच्या भूकंपात गेलेली भेग होती ती मात्र शिळी म्हणून तशीच राहिली. एक म्हातारा खुंबा आनंदाच्या भरात छतावरून सुटून माझ्या पुढ्यात पडला आणि पडल्या पडल्याही कान वर करून ऐकत राहिला.

तो पडला म्हणून माझं लक्ष खाली गेलं. ऊन काळ्या शिळेवर चढून बसलं होतं. चांगलं वीतभर.

"सूर्य!" मी ओरडले.

सासूबाईंनी अक्कांच्या हातातलं शिंग घेऊन कमरेला खोचलं, दोन करवंट्या परातीत बुडवून काठोकाठ भरल्या आणि आमच्या हातात एकेक दिली. "पळा. माझी वाट बघू नगा. मी येते मागनं बसत बसत."

तो उतार मी आधी कधी पळत उतरले नव्हते आणि नंतरही नाही. एक हात करवंटीवर झाकण म्हणून, दुसऱ्यानं लुगडं वर धरलेलं. अक्का माझ्यापेक्षा बारा वर्षांनी मोठ्या, पण काय पळत होत्या! आणि पळता पळताही त्यांचं तोंड बंद नव्हतं.

"आधी धाकट्यालाच लागनार!"

"भरपूर हाय आता, अक्का! दोघांना हाय!"

"असू दे! पर आधी धाकट्याला! थोरली हाय मी!"

"थोरली गेली उडत! आधी भावजींना!"

खालच्या आळीतली माणसं दारात आली. भांडखोरांच्या सुना चीक घेऊन येत आहेत हे त्यांना नवं नव्हतं, पण चीक आणूनही भांडत येत आहेत हे पहिल्यांदाच बघत होती. "अगं, झालं की आता!" असं कुणीतरी म्हणालं. त्याला दोघींनी मिळून गप्प केलं.

सूर्याची खालची कड डोंगराला टेकली होती. आम्ही अंगणात शिरलो तेव्हा अर्धा गेला होता. ओसरीत डावीकडे भावजींची बाज, उजवीकडे ह्यांची. अक्का डावीकडून येत होत्या, मी उजवीकडून. सरळ गेलो असतो तर जिची तिची बाज समोर होती. पण मी सरळ गेले नाही. पायरीवर अक्कांना ढकलून मी भावजींच्या बाजेकडे झेपावले, आणि त्याच वेळी त्या माझ्या काखेखालून वाकून ह्यांच्याकडे पळाल्या.

मी गुडघे टेकले, करवंटी भावजींच्या मांडीवर उपडी केली आणि दोन्ही हातांनी चोळू लागले. चीक कातडीत मुरत गेला. डोंगरावर सूर्याची नखाएवढी कड उरली होती. मी चोळत होते आणि मनात म्हणत होते, जुळ, जुळ, माझ्या अक्काचा संसार आहे हा, जुळ. मग हाताखाली खट्‌ असा आवाज झाला आणि भावजींचा पाय माझ्या हनुवटीवर लाथ बसेल इतका जोरात सरळ झाला.

उजेड गेला.

भावजी कोपरावर उठले. वेदनेनं डोळे अजून तारवटलेले होते. "कौतिक? तू हिकडं कशी? सगुणा कुटं हाय?"

"तिकडं, तुमच्या भावापाशी," मी धापा टाकत म्हणाले. "हरली ती. तुमचा पाय आधी जुळला."

पलीकडच्या बाजेवरून असा आवाज आला की ओसरीतली तुळई हलली.

"कोन हरली गं? हिकडं येऊन बघ! ह्येची पाची बोटं कवाच हालायला लागल्यात! तोंड वर करून खोटं बोलतीस?"

भावजींनी आपल्या पायाकडे पाहिलंसुद्धा नाही. मान वाकडी करून ते ऐकत होते.

"सगुणाच ना ही?"

"व्हय."

"वरडतीया."

"माझ्यावर वरडतीया."

"चार म्हयने झाले पोरी, या घरात हिचा आवाज न्हाई ऐकला," ते म्हणाले, आणि त्या दांडग्या माणसानं मनगटानं डोळे पुसले. "तू अशी गप का? दे की उत्तर."

मी दिलं.